मेहेरच्या घरातलं मीटर

घर रईसन बीच्या नावावर होतं. निकाहाच्या वेळी नवऱ्याने, वाजिदमियाँनी, तेच मेहेर म्हणून, बायकोच्या हक्काचं म्हणून, लिहून दिलं होतं. म्हणून विजेचं मीटर तिच्या नावाचं, आणि मुरादाबादच्या दिवाणी कोर्टात वीज खात्यावर लावलेला दावाही तिच्याच नावाने. पण चोर म्हणून बोटं रोखली गेली ती मात्र वाजिदमियाँकडे.

चोरी कसली आलीय कपाळाची! मीटर जळलं तेव्हा लाइनमननेच तार थेट जोडून दिली. "चाचा, आठ दिवसांत नवं मीटर बसवतो," म्हणाला. वाजिदमियाँनी रीतसर अर्ज दिला, शिक्क्याची पोच घेतली. आठ दिवसांचे आठ महिने झाले. मग एका सकाळी वीज खात्याचं पथक आलं, अख्ख्या गल्लीदेखत तारेचे फोटो काढले, वीजचोरीचा दंड ठोकला आणि लाइन कापून गेलं. चाळीस वर्षं कारखान्यात पितळेची भांडी घासून चमकवणारा हा माणूस, कुणाची साधी वाटी इकडची तिकडे केली नव्हती. मशिदीत पहिल्या रांगेत उभा राहायचा, तो त्या दिवसापासून पार मागे, चपलांपाशी उभा राहू लागला.

"अहो, भरून टाका तो दंड. भीक नको पण कुत्रं आवर," रईसन म्हणाली.

"भरला की चोर ठरलो! जज्जसाहेबांच्या तोंडून ऐकायचंय मला, वाजिद चोर नाही म्हणून. मग मेलो तरी चालेल."

रस्तोगी वकिलांनी पोच पाहिली आणि खूश झाले. "चाचा, हा कागद आहे तोवर घाबरायचं कारण नाही. तारखा पडतील तेवढ्या."

तारखा पडत राहिल्या आणि जून आला. जन्मभराची पितळेची धूळ छातीत बसलेली, त्यात घरात पंखा नाही. एका दुपारी वाजिदमियाँचे ओठ निळे पडले. वीज कार्यालयात तडजोडीचा कॅम्प लागलाय असं शेजारणीने सांगितलं होतं. तिने पायातले चांदीचे तोडे विकले आणि तिथे गेली.

"अर्धा दंड माफ," बाबू म्हणाला. "इथे अंगठा लाव. संध्याकाळी लाइन."

कागदावर काय लिहिलंय ते तिने विचारलं नाही, त्यानेही सांगितलं नाही. मेल्याचं काय जात होतं सांगायला!

संध्याकाळी पंखा फिरला.

"कुणी जोडली गं?"

"कोर्टाचा हुकूम आलाय म्हणे." तोंडाला आलं ते बिचारी बोलून गेली.

"बघ! ऐकलं ना माझं कोर्टाने! आता निकालाचीच काय ती वाट!" त्यांनी गल्लीत बालूशाही वाटली, शुक्रवारी पहिल्या रांगेत जाऊन उभे राहिले. खरं सांगावं असं तिला दहादा वाटलं, पण त्यांचा खुललेला चेहरा पाहिला की ती चुलीकडे वळायची.

सुनावणीला वीज खात्याच्या वकिलाने तोच तडजोडीचा कागद काढला. "चोरी कबूल, दंड भरला, वाद मिटला. खाली वादीचा अंगठा."

रईसनला पिंजऱ्यात उभं केलं, शपथ दिली. तिकडे जाताना रस्तोगी कानाशी पुटपुटले होते, "नाही म्हणा चाची. बनावट आहे म्हणा. पुढचं मी निस्तरतो."

"बाई, हा अंगठा तुमचाच का?" जज्जसाहेबांनी विचारलं.

तिने नवऱ्याकडे पाहिलं. त्यांना सगळं कळून चुकलं होतं. त्यांच्यासाठी खोट्या शपथेचं पापही तिने डोक्यावर घेतलं असतं. 'नाही' अगदी ओठांवर आलं होतं.

"रईसन," वाजिदमियाँ बाकावरून म्हणाले, "खोटं नको. शपथ घेतलीयस तू."

"माझाच आहे, हुजूर," ती रडत म्हणाली. "पण हे चोर नाहीत हो!"

जज्जसाहेब माणूस वाईट नव्हता. कागद पुन्हा वाचून म्हणाले, "तडजोडीवर अंगठा आहे. ते आता या कोर्टाला तपासता येणार नाही." दावा फेटाळला. शिक्क्याची पोच कुणी उघडूनही पाहिली नाही.

बाहेर आल्यावर ती त्यांच्या पायाशीच बसली. "घाला हो शिव्या. मारा मला."

वाजिदमियाँनी धापा टाकत तिला उठवलं. मग ते म्हणाले, "अंगठ्याचं गल्लीत कुणापाशी बोलू नकोस. बायकोनेच नवऱ्याला चोर ठरवलं, असं तुला ऐकावं लागेल. मी बघतो."

गल्लीच्या तोंडाशी चहाच्या टपरीवर चार जण बसलेच होते. "काय वाजिदभाई, जिंकलात ना?"

"नाही रे बाबा," वाजिदमियाँ म्हणाले. "चोरी मीच केली होती. आज कबूल करून आलो."

रईसन दोन पावलं मागे उभी होती. तिने ओढणीचा बोळा तोंडात कोंबला आणि ती मान खाली घालून त्यांच्यामागे घरात गेली.