बुलाहानच्या खिंडीतला रस्ता

हिलारिओन मागतिबाय मनिलाहून परतला तेव्हा गावाने बँड लावून त्याला उतरवून घेतलं. विधानसभेत गेल्यावर पहिल्याच वर्षी त्याने रस्ता मंजूर करून आणला होता, बुलाहानच्या खिंडीतून थेट बंदरापर्यंत. आता सुकं खोबरं रेड्यांच्या गाडीत वाटेतच भिजून कुजणार नव्हतं. बारा वर्षांपूर्वी याच खिंडीत तो अमेरिकन फौजेशी लढला होता आणि आज त्यांच्याच राज्यात आमदार होता, याबद्दल गावात कुणी फारसं बोलत नसे. त्याने शरण येऊन निष्ठेची शपथ घेतली, तेव्हा गावातल्या निम्म्या पुरुषांनीही घेतली होती.

दुसऱ्या दिवशी सकाळीच सोतेरा आली. ती बाजारात तांदळाचे वाफवलेले पुतो विकायची. तिचा नवरा एस्को हा त्या लढाईत मेजर हिलारिओनचा सार्जंट होता. तिच्या थोरल्या मुलीच्या बाप्तिस्म्याला हिलारिओन धर्मपिता म्हणून उभा राहिला, तेव्हापासून ती त्याला कुम्पारे म्हणे आणि तो तिला कुमारे.

"कुम्पारे, रस्ता खिंडीतून जाणार म्हणे?"

"हो."

"म्हणजे खंदकावरून?"

 मनिलात नकाशा पाहताना हिलारिओनला खंदक आठवला नव्हता असं नाही. आठवला होता, आणि त्याने बोट पुढे सरकवलं होतं.

"माझा माणूस आहे तिथे," सोतेरा म्हणाली. "त्याच्याबरोबर पडलेले सगळेच आहेत. त्यांच्या अंगावरून गाड्या जाणार?"

"इंजिनियरशी बोलतो मी."

इंजिनियर पर्डी हा अमेरिकन, पण सरळ माणूस. त्याने मोडक्यातोडक्या स्पॅनिशमध्ये समजावलं, "वळवायचा तर अख्ख्या डोंगराला वळसा. पुन्हा मंजुरी, पुन्हा वाट बघा. सेन्योर, तुम्ही इथलेच. डोंगर ओलांडायला दुसरी जागा आहे का?"

नव्हती. म्हणून तर लढायला त्याने ही खिंड निवडली होती.

हेच तो बाजारात जाऊन सोतेराला सांगायला लागला. तिने टोपलीवर केळीचं पान टाकलं आणि ती मान वर न करता म्हणाली, "तेव्हाही तुम्ही म्हणालात, दुसरी जागा नाही, इथेच उभा राहा. राहिला बिचारा. आता म्हणताय दुसरी जागा नाही, ऊठ. मेल्यावर तरी त्याला हुकूम सोडू नका हो!"

शेजारची मासेवाली फिसकन हसली आणि हिलारिओनचा चेहरा बघून मासे मांडायला लागली.

घरी येऊन त्याने बायकोला सगळं सांगितलं. रुफिना भाजी निवडत होती. "उठवायचंच आहे तर मजुरांच्या फावड्याने कशाला? तुम्ही नेलं होतंत, तुम्हीच आणा," ती म्हणाली.

त्यासाठी पोलीस दलाच्या लेफ्टनंटची परवानगी लागणार होती. हा उत्तरेकडून बदलून आलेला, अदबीने बोलणारा फिलिपिनोच होता. "माननीय, जुने सैनिक, हातात कुदळी, तेही त्याच खिंडीत. मी वर काय कळवू?"

"हाडं काढताहेत म्हणून कळवा. तेच करणार आहोत."

शेवटी लेफ्टनंटने अट घातली. "झेंडा नको. भाषण नको."

आपल्या झेंड्यावर अमेरिकनांची बंदीच होती, ते हिलारिओनला ठाऊक होतं. भाषणाचं मात्र त्याला लागलं.

हाताशी होते तेवढे जुने साथीदार जमले. हिलारिओनने पांढरा कोट काढून फांदीला अडकवला आणि कुदळ उचलली. हातांना फोड आले, डासांनी अंग फोडून काढलं. बांबूच्या मुळांनी सगळी हाडं एकमेकांत गुंतवून टाकली होती.

"दात बघा रे," लंगडा सिंफोरोसो म्हणाला. "एस्कोला पुढचे दात नव्हते."

"गाढवा, इथे कुणाला आहेत?" दुसरा म्हणाला.

चटया घेऊन बसलेली सोतेरा सगळ्यांत आधी हसली. हसता हसता तिला रडू फुटलं. डोळे पुसून ती म्हणाली, "निवडू नका. इतकी वर्षं एकत्र झोपलेत, एकत्रच न्या."

गावच्या दफनभूमीत पाद्रीने प्रार्थना म्हटली. ती संपल्यावर सगळे भाषणाच्या आशेने तसेच ताटकळले. हिलारिओन तोंड मिटून उभा होता. मग कुणी न सांगता ते जुने साथीदार एका रांगेत आले, आणि तो जाऊन त्यांच्या पुढे उभा राहिला. लेफ्टनंट पाठ फिरवून घोड्याचा पट्टा आवळत बसला.

मतांसाठी मढी उकरली, असं विरोधकांनी गावोगाव सांगितलं. पुढच्या निवडणुकीत हिलारिओन थोडक्यात पडला. डासांनी दिलेला हिवतापही अधूनमधून उलटायचा. रस्ता खुला झाला त्या दिवशी तो घोंगडी पांघरून घरात कुडकुडत पडला होता.

दुपारी सोतेरा आली. रुफिनाने तिला आल्याचा काढा दिला. "गव्हर्नरची टोपी उडाली खिंडीत," सोतेरा म्हणाली. "नवीन आमदार मागे धावला. पोट धरून, बदकासारखा!"

हिलारिओनला हसता हसता ठसका लागला. "आणि खोबरं?"

"गेलं की. सकाळीच गाड्या सुटल्या. मीही त्यांच्याबरोबर एक टोपली पाठवलीय. बंदरावरच्या हमालांना पुतो आवडतात म्हणे, बघू या."

"तिकडे भाव जास्त लाव," तो म्हणाला.

"ते तुम्ही शिकवू नका, कुम्पारे," असं म्हणून तिने काढ्याचा पेला त्याच्याकडे सरकवला. "घ्या, प्या आधी."