खालच्या ओळी मी वाचते

सासऱ्यांच्या वर्षश्राद्धाला मी नामदिन्हला सासरी गेले ती जेवायला नव्हे, थ्वाचं नाक ठेचायला. मी तैवानात परक्या म्हाताऱ्यांचं हगणंमुतणं काढत होते, तेव्हा या बयेने माझा नवरा पळवला. पळवू दे मेलीला, त्या खुळखुळ्याचं मी तरी काय करणार होते! पण माझ्याच पोरांना तिने मला ‘को’, म्हणजे नुसतं ‘बाई’, म्हणायला शिकवलं. को तर बाजारातल्या भाजीवालीलाही म्हणतात. आणि ‘आई’ तिने स्वतःला लावून घेतलं.

दुपारी पोरं टीव्हीपुढे बसली. कार्टूनचा सिनेमा, बोलणं सगळं इंग्रजी, खाली आमच्या भाषेतल्या ओळी. धाकट्या बिनला वाचता येत नाही, आणि आठ वर्षांच्या सिमला तरी इतकं भरभर कुठलं येणार. थ्वा टीव्हीकडे पाठ करून तांदळाच्या पापडात सारण गुंडाळत होती. मी म्हटलं, पोरांनो, मी वाचून दाखवते.

सिनेमातली मुलगी विहिरीतून मागच्या काळात जाते आणि तिला स्वतःची आईच भेटते, तीही दहा वर्षांची. दोघींच्या मागावर एक लांडगीण. लांडगिणीच्या तोंडी मी सकाळपासून ऐकलेली थ्वाची बोली घातली, “गिळा एकदाचं आणि उलथा तिकडे.” बिन खिदळला, म्हणाला, ही तर आपली आई. थ्वाचे हात थांबले. असं गार वाटलं जिवाला म्हणून सांगू.

मग त्या दोघी समोरासमोर आल्या. आता हाक काय मारायची? आमच्यात नातं ठरल्याशिवाय तोंडच उघडता येत नाही. खाली लिहिलं होतं ‘मैत्रिणी’. त्या दहा वर्षांच्या आईच्या तोंडी मी ठणकावून वाचलं, “मला को म्हणू नकोस. तुला जन्म दिला ती आई मी.”

“तसं नाही लिहिलेलं,” सिम म्हणाली. “मला वाचता येतं.”

थ्वाला तेच हवं होतं. न वळताच म्हणाली, “मग तूच वाच, बाळा. दुधाचं दूध, पाण्याचं पाणी होऊ दे.”

सिम पडद्याकडे बघेचना. माझ्याकडे बघत, एकेक शब्द वाचावा तशी म्हणाली, “आई, तू गेलीस तेव्हा मी रोज फाटकात बसायचे. आज आलीस ती हिच्याशी भांडायला. मला भेटायला नाही.”

पडद्यावर लांडगीण नुसती धावत होती, खाली एक अक्षर नव्हतं. सिमच्या तोंडून ‘आई’ ऐकायलाच मी आले होते. ते ऐकलं, आणि मान वर करायची सोय राहिली नाही.