सरईवरची शीळ

सरईच्या झाडाखाली सारं गाव डोळे मिटून, माना खाली घालून बसलं होतं. वरून शीळ आली. लांबट, शेवटी वळण घेणारी. गेल्या महिन्यात तापाने गेलेला डोमाजी हीच शीळ घालून बैलांना बोलवायचा. त्याचा धाकटा भाऊ तेजराम शहारला.

"वर पाहू नका, डोळे जातील!" वारासिवनीहून आलेला बाबा गरजला. "आत्मा भूखी है! घर की औरत ने जादू-टोना करके खाया इसे!" मग त्याने पिपाणी फुंकली. आठवडाभर रोज सकाळी तो इथेच ती फुंकायचा आणि कोंबडी मागवायचा. आत्मा उपाशी, बाबा मात्र तुडुंब.

त्याच्या शब्दावर तेजरामने कालच डोमाजीच्या बायकोला, गोदावहिनीला, घराबाहेर काढलं होतं. ती शाळेच्या ओसरीवर होती. आज तिला गावातूनच हाकलायचं ठरलं होतं.

तेवढ्यात शाळेच्या कालिंदीबाई मुलांना घेऊन आल्या आणि सरळ वर पाहू लागल्या.

"बाई, डोळे!" कोणीतरी ओरडलं.

"शाबूत आहेत. पुष्पलता, तुला काय दिसतं?"

"काळं पाखरू, बाई. शेपटीले दोन लांब तारा, टोकाले पिसायचे गोंडे. भीमराज हाये!"

पाखराने शीळ घातली. मग ते ससाण्यासारखं ओरडलं. मग त्याने हुबेहूब पिपाणी वाजवली. बाबाची पिपाणी तर त्याच्या हातातच होती.

"बाबाजी तं जित्ते हायेत," पुष्पलता म्हणाली, "मंग यांचा आत्मा झाडावर कसा गेला?"

हशा पिकला. बाबा 'माया है, माया है' पुटपुटत बैहरला जाणाऱ्या जीपची चौकशी करू लागला.

बाई म्हणाल्या, "दाट जंगलातलं हे पाखरू ऐकलेल्या आवाजांची नक्कल करतं. डोमाजीने वर्षानुवर्षं इथेच बैल चारले. शीळ त्याची, गळा पाखराचा. नवल वाटलं की डोळे मिटायचे नसतात, उघडायचे असतात."

सगळे हसत पांगले. तेजराम हसला नाही. तो शाळेत गेला. गोदावहिनी ओसरी झाडत होती.

"वहिनी, घरी चला. पाखरू होतं ते."

तिचा हात थांबला नाही. "पाखराले काय बोलू, भाऊजी? त्यानं आयकलं तेच म्हटलं. तुमाले तं इचार करता येत होता. इतके वर्सं माह्या हातचं खाल्लं तुमी. मले एकडाव इचारलं काहून नाही?"

मुलं वर्गात गेली, पाढे सुरू झाले, तरी तेजराम ओसरीखाली उन्हात तसाच उभा होता.