रगतबांध

सिद्धगडाच्या पायथ्याला एका वाडीत जिवली राहायची. तिच्या माहेरी पारा शिजवायची रीत होती आणि बापानं ती हिला शिकवली होती. दर पावसाळ्यात रानातला पाला वाटायचा, त्यात पाऱ्याची गोळी लपेटायची आणि शेणीच्या आचेवर भाजायची. अशी पिढ्यान्‌पिढ्या भाजली की गोळी पिकते, आणि पिकलेली गोळी जिभेखाली धरणाऱ्याला मरण शिवत नाही. बापानं बजावलं होतं ते एकच. गोळीला रगत पाजून ती लवकर पिकवायची नाय.

थोरल्या भावाला, वाळूला, हे माहीत होतं. मुरबाडच्या डॉक्टरनं ईसीजी काढून हृदय थकल्याचं सांगितलं, तसा तो बहिणीकडे आला.

"जिवले, गोळी दे."

"कच्ची हाय, दादा."

"मी पिकवतो."

"बापानं नको सांगितलंय."

"बाप गेला. मला अजून जायचं नाय."

तिनं दिली नाही. पण ती रानात गेल्यावर वाळूनं फडताळातून गोळी काढली, करवंदीच्या काट्यानं बोट टोचलं आणि रक्ताचा थेंब गोळीवर पाडला. मऊ गोळी खड्यासारखी घट्ट झाली. त्यानं ती जिभेखाली ठेवली, ती मग काढलीच नाही.

चालताना लागणारी धाप थांबली. दुसऱ्या दिवशी तो न थांबता गडाच्या माचीवर जाऊन आला. जिवली मात्र त्याच्याशी बोलेना.

पुढे त्याच्या ध्यानात आलं, की दाढी वाढत नाही. भूकही लागत नव्हती. बोटावरचं काट्याचं भोक उघडंच होतं. त्यातून रक्त येईना आणि त्यावर खपलीही धरेना. वाळूची बायको लहानी, हिनं नाचणीची भाकर आणि सुकट वाढली. तो भुसा चघळावा तसा चघळत बसला.

"तुमी जेवताय, का माझं मन राखताय?" तिनं विचारलं.

वाळूनं तिला सगळं सांगितलं.

"म्हंजे मी म्हातारी व्हत जायची, आन् तुमी असेच?"

तो उठला आणि जिवलीकडे गेला. तिनं बोट निरखलं.

"अंग थांबलंय तुझं. आता दुखायचं नाय, आन् बरंबी व्हायचं नाय."

"थुंकली तर?"

"धाप परत लागंल."

वाळूनं अंगणात जाऊन गोळी थुंकली. मातीत पडताच तिचा चुरा झाला. बोटातून लगेच रक्त आलं. तो ते बघत राहिला, मग हसला. जिवलीनं हळद दाबली आणि भात वाढला. त्यानं दोनदा मागून घेतला.

आता तो डॉक्टरच्या गोळ्या वेळेवर घेतो. श्रावणात जिवलीनं नवी गोळी धरली, तेव्हा पाला आणायला तोही तिच्यासोबत गेला. चढावर धाप लागली की दगडावर टेकायचा, तिची वाट अडवून गप्पा मारायचा.

"ही कधी पिकायची गो?"

"आपल्या हयातीत तर नाय."

"मंग बरंय," तो म्हणाला.

उतरताना कुंपणावर कर्टुली लगडलेली दिसली. लहानीला आवडतात म्हणून त्यानं टोपी भरून घेतली.