भिंतीला दाबलेला रुमाल

...निळ्या चौकड्यांचा, धुऊन धुऊन मऊ पडलेला, चार घड्या घातलेला रुमाल — सरांनी तिच्या कमरेआड सरकवून सोडून दिलेला, आता फक्त तिच्या कमरेने भिंतीला दाबलेला. टाचा भिंतीला, पाठ भिंतीला, डोकं भिंतीला. आता कोपर न वाकवता हात समोरून वर न्यायचे, अंगठे डोक्यावर भिंतीला टेकेपर्यंत, आणि तोवर रुमाल पडता कामा नये. एवढंच! लहान मूलसुद्धा करील. तिला मात्र वर्ष होत आलं तरी साधलं नव्हतं.

गेल्या वर्षी डोक्यावर वजन पेलताना तिचा उजवा खांदा निखळला. तो आवाज आठवला की अजून दातांवर दात बसतात... सर ओरडतील असं तिला वाटलं होतं, तर ते शेजारी बसून हळूच म्हणाले, "माझ्याच वाटेनं निघालीस का गं?" सरांचा उजवा हात कानाच्या वर जात नाही. तरुणपणी खांदा आखडलेला असताना कंबर वाकवून वजनं उचलत राहिले, कुणाच्या बापाचं ऐकलं नाही. आता भांग डाव्या हाताने पाडतात आणि सदरा घालताना बायकोला हाक मारतात. म्हणून ही भिंत. व्यायामशाळेत सगळे त्यांना भिंतवाले सर म्हणतात, तेही पाठीमागे नाही, तोंडावर.

"खांदा अडला की कंबर मदतीला धावते," ते सांगायचे. "मोठी भाबडी असते बिचारी. दुसऱ्याचं काम करता करता स्वतः मोडते, आणि खांदा तसाच आडमुठा राहतो." हे ऐकताना तिला दर वेळी आई आठवायची, आणि हसू यायचं, आणि मग यायचं नाही. मध्ये एकदा तिने वजनं न लावता नुसती सळई तरी उचलू द्या म्हणून हट्ट धरला, तर म्हणाले, "उतावळा नवरा, गुडघ्याला बाशिंग! तुझं तर खांद्यालाच." रुमाल पडला की ते तो झटकायचे, पुन्हा घडी घालायचे, अगदी शांतपणे... त्या शांतपणाचा तिला किती राग यायचा.

सकाळी आईने विचारलं होतं, "आज सोडतील ना गं तुला?" स्पर्धेसाठी नाव द्यायचा आज शेवटचा दिवस, आणि तिच्या वयोगटाचं हे शेवटचं वर्ष. "सोडतील की," ती म्हणाली होती, आणि अर्धी भाकरी ताटात तशीच ठेवून उठली होती.

हात वर चालले होते. कानापर्यंत ठीक. त्याच्या जरा वर ती ओळखीची गाठ, आतून कुणी दार लावून घेतल्यासारखी — आणि मग कंबर भिंतीपासून सुटली. सुटली की मी सोडली? रुमाल सैल झालेला कातडीला कळला. आता पडणार... पडला नाही. अंगठे भिंतीला टेकले.

"टेकले!" सर म्हणाले. "झालं. देतो नाव."

तिने मान वळवून खाली पाहिलं. सरांचं बोट रुमालावर होतं. भिंतीला घट्ट दाबलेलं.

त्यांनी ते सावकाश काढलं, रुमाल बाकावर ठेवला, "पाणी पी," म्हणाले आणि तिच्याकडे न बघता फोन करायला आतल्या खोलीत गेले.

आधी आनंदच झाला, हे तिला नाकारता येईना. मग सरांचं ते बोट आठवलं. दया आली असेल त्यांना? की माझ्या हाताबरोबर त्यांना स्वतःचाच हात वर गेलेला बघायचा होता? वर्षभर भिंतीला चिकटवून ठेवलंत, आणि आज, नेमकं आजच... रुमाल पडला की ती चरफडायची खरी, पण त्याच्याच भरवशावर रात्री निर्धास्त झोपायची. चुकलं तर तो पडेल, आणि सर पडू देतील. आता रविवारी स्पर्धेत डोक्यावर वजन असताना कुणावर विश्वास ठेवायचा? तिला रडूच आलं.

आतून सरांचा आवाज आला, "हॅलो... हो, एक नाव राहिलंय. सांगतो. थांबा जरा, चष्मा घेतो."

तिने रुमाल उचलला. चार घड्या ठीक घातल्या, कमरेमागे धरला आणि भिंतीला टेकली. धरायला कुणी नव्हतं. हात वर गेले, कानापर्यंत, कानाच्या जरा वर, आणि गाठीशी आल्यावर तिने ते तिथेच थांबवले. रुमाल जागचा हलला नाही. आत सर चष्मा शोधत होते, खण उघडल्याचा आवाज येत होता. नाव देऊ नका म्हणून हाक मारली तर अजून ऐकू जाईल... मारायची की नाही हे काही ठरेना. पण वर्षभर जो रुमाल पडू नये म्हणून ती देवाला हात जोडत आली, तो कुणी न धरता, हात नेमके कुठवर गेले की पडतो, तेच आज तिला बघायचं होतं.