वेंडेल भावोजींचं लाडकं लिनक्स

दुकानदारानं माझा लॅपटॉप उघडूनसुद्धा पाहिला नाही. "जुना आहे, नवी विंडोज चालणार नाही. टाकून द्या," म्हणाला. टाकून द्या! एक बटण ढिलं झालेलं नाही त्याचं.

"विंडोजच्या जागी लिनक्स घालू या, वहिनी," माझे धाकटे दीर वेंडेल म्हणाले. "फुकट आहे, जुन्या मशीनवरही पळतं." ते खरंच. पण लिनक्सचे ढीगभर प्रकार. त्यातलं कुठलं, हे मला कोण विचारतंय? त्यांनी स्वतःचं लाडकं घातलं. काळा पडदा, सगळं टाइप करून सांगायचं. "शिकाल हळूहळू."

माझं काम एवढंसं. चर्चच्या गाण्यांचे कागद छापायचे आणि रविवारी माझ्या बहिणीशी, थंडर बे गावी राहणाऱ्या मार्गिटशी, व्हिडिओवर बोलायचं. तिला ऐकू येत नाही, ओठ वाचते ती. एका रविवारी अपडेटनंतर कॅमेराच बंद पडला. भावोजींना फोन केला.

"तुम्हीच काहीतरी दाबलं असेल."

"मी काही दाबलेलं नाही!"

"बरं, एक लेख पाठवतो, वाचा."

तिकडे मार्गिट कोऱ्या पडद्यासमोर बसून राहिली.

शनिवारी मी लॅपटॉप उचलला आणि वाचनालयात गेले. तिथे रोझॅन नावाच्या बाई जुन्या वस्तू दुरुस्त करून देतात. त्यांनी आधी विचारलं, "यावर करता काय तुम्ही?" विचारलं बाई कुणीतरी एकदाचं! मग लॅपटॉपवरचं काही न काढता, पेन ड्राइव्हवरूनच लिनक्सचे दोन प्रकार चालवून दाखवले. पहिला देखणा, पण पंखा घरघरायला लागला. दुसरा मिंट, त्यातलाही हलका. कॅमेरा लागला, कागद छापला गेला.

"हेच घाला," मी म्हटलं.

भावोजी जेवायला आले तेव्हा पडदा बघून हसले. "मिंट? हे तर नवशिक्यांचं!"

"नवशिकीच आहे मी. तुमच्या हुशारीपायी माझी बहीण ताटकळली, भावोजी."

"अहो, मी मदतच करत होतो."

"मदत करायची तर आधी विचारायचं असतं!"

आमचे हे मान खाली घालून बटाटे चिवडत राहिले. भावोजी कॉफी न घेताच गेले. जाऊ देत. दुसऱ्या दिवशी, रविवारी, मार्गिट पडद्यावर दिसली, नव्या कवळीबद्दल कुरकुरत होती. तिला सगळं सांगताना माझं डोकं पुन्हा तापलं.