घरच्या माणसानं बसवलेले ब्रेक

आमच्या अंगणात दोन गाड्या उभ्या असतात आणि त्या जुळ्या बहिणींइतक्या सारख्या आहेत. रंग तोच, वर्ष तेच, मागच्या बंपरवरचा ओरखडा तेवढा वेगळा. एक माझी, एक दादाची. दोघांनी मिळून, एकाच माणसाकडून, घासाघीस करून घेतल्या. तेव्हा दादा म्हणाला होता, "एकसारख्या घेऊ, म्हणजे पाना एक, जॅक एक, डोकेदुखी एक." डोकेदुखी मात्र दुप्पट झाली, कारण कुणाचं काय तेच कळेना. माझी व्हीलकॅप त्याच्या चाकाला, त्याची चटई माझ्या पायाखाली. शेवटी मी माझ्या प्रत्येक वस्तूवर नेलपॉलिशचा ठिपका द्यायला लागले. भडक केशरी, वहिनीनं एकदा बोटाला लावून नाक मुरडलेलं. किल्ली, चटया, वायपर, सगळ्यावर ठिपका. तेव्हापासून दादा मला 'ठिपके' म्हणून हाक मारतो. "ठिपके, नवऱ्यालाही एक लावून ठेवला असतास तर हरवला नसता," असंही म्हणून झालंय त्याचं. मी हसले होते. दादाचं बोलणं मी मनाला लावून घेत नसे.

गाडी माझं पोट आहे. कॉलनीतली पोरं सकाळी शाळेत सोडायची, दुपारी घरी आणायची. जुळ्या मुली, एक चष्मेवाला, एक अखंड गाणारी, आणि दादाचा धाकटा, छोटू. पोरं गाडीत बसली की मी गाडी अशी चालवते, की मागून येणारे हॉर्न वाजवून वाजवून दमतात. दमू देत.

महिन्यापूर्वी पुढचे ब्रेक किंचाळायला लागले. पॅड झिजले होते, त्यात काही विशेष नाही, ते झिजण्यासाठीच असतात. मी दुकानातून नवे आणले. दुकानदाराकडे आमच्या गाडीचा तो शेवटचाच जोड होता. घरी आल्यावर सवयीनं खोकं उघडलं, प्रत्येक पॅडच्या लोखंडी पाठीवर, कडेच्या कानाशी, ठिपका दिला आणि खोकं बंद करून दादाच्या हातात ठेवलं. तेल, हवा, बल्ब हे माझं मी बघते. ब्रेक मात्र दादाचे. बाबांनी ते त्याला शिकवलं होतं. मी शेजारी बसून पाने द्यायचे, त्यामुळे शिकायची ती मीही शिकले, पण ब्रेकला हात दादानंच लावायचा हे घरात कुणी न ठरवता ठरलेलं होतं.

त्या दिवशी मी तापानं फणफणले होते. अंथरुणातून मला अंगणातली खडखड ऐकू येत होती, जॅकचा आवाज, हातोडीचा आवाज, मध्येच दादाची शीळ. ऐकता ऐकता गाढ झोप लागली. घरचं माणूस आपलं काम करत असलं की झोप कशी छान लागते. संध्याकाळी त्यानं दार वाजवलं. "ऊठ, चक्कर मारून ये, मी बसतो शेजारी." पाण्याच्या टाकीजवळच्या उतारावर त्यानं मला ब्रेक दाबायला लावला. "बघ कसा चावतो." गाडी थांबली. मी म्हणाले, "दादा, तुझ्या हाताला जादू आहे." तो खिडकीबाहेर बघत म्हणाला, "चल आता, तुला ताप आहे."

दुसऱ्या दिवशी पहाटे दादा सगळ्या कुटुंबाला घेऊन डोंगरावर फिरायला गेला. नागमोडी रस्ता, एका बाजूला दरी. मी खिडकीतून हात हलवला.

परत आल्यापासून छोटू माझ्या गाडीतून येईनासा झाला. वहिनी म्हणाली, त्याला घोळक्यात मळमळतं, त्याचे बाबा सोडतील स्कूटरवरून. मला लागलं ते. माझं काही चुकलं का, असं मी तिला विचारलंसुद्धा. "छे हो ताई, तुमचं काय चुकणार," असं म्हणून तिनं माझा हात दाबला. पुढची सीट छोटूची होती. ती मी बरेच दिवस कुणाला दिली नाही.

या रविवारी शाळेला सुट्टी होती आणि ब्रेकमधून वेगळाच आवाज येत होता. किंचाळणं नव्हे, खरवडणं. मला वाटलं, खडा अडकला असेल. नवे ब्रेक महिन्यात कशाला बिघडतील? दादाला बोलवावं असं मनात आलं, पण मग वाटलं, आपण त्याच्या कामात खोट काढतोय असं त्याला वाटेल. म्हणून जेवण झाल्यावर तो आडवा झालाय हे बघून मी गुपचूप गाडी काढली कडेला. मागच्या चाकांना विटा लावल्या, पुढच्या चाकाचे नट जमिनीवरच सैल केले, मग जॅक लावला, खाली लाकडी ठोकळा सरकवला आणि चाक काढलं.

खडा नव्हता. आतल्या बाजूच्या पॅडवर घासायचा थर उरलाच नव्हता, नुसता पत्रा. पत्रा डिस्कवर घासून रेघा पडल्या होत्या. मी पॅड धरून ठेवणाऱ्या कॅलिपरचा खालचा बोल्ट काढला, तो वर उचलला आणि दोन्ही पॅड बाहेर ओढले. ठिपका नाही. फडक्यानं पुसलं, थुंकी लावून पुसलं. ठिपका नाही. हे माझेच जुने पॅड होते, ब्रश मारून, कडा घासून, नीटनेटके करून परत बसवलेले. त्या आवाज करणाऱ्या जागेला वर ग्रीसही लावलं होतं, म्हणजे मला निदान काही दिवस ऐकू येऊ नये.

तरी माझं मन बघा. मी दुसरं चाकही काढलं. एका बाजूला विसरला असेल, असं मी स्वतःला समजावत होते. दुसऱ्या बाजूलाही तेच.

दादाची गाडी शेजारीच उभी होती, चाकं वळवलेली. चाक पूर्ण वळलेलं असलं की मागून आतलं सगळं दिसतं, चाक काढावं लागत नाही. मी गुडघ्यांवर बसले, मोबाइलचा उजेड आत धरला. पॅड जाडजूड होते. आणि कडेच्या कानाशी, उष्णतेनं करपून तपकिरी पडलेला, पण कडेनं अजून केशरी, माझा ठिपका होता.

मी तिथे किती वेळ बसले होते कोण जाणे. गुडघ्यांत खडी रुतली होती ती उठल्यावर कळली. राग नंतर आला. आधी लाज वाटली, चोरी माझीच पकडली गेल्यासारखी.

दादा पायऱ्यांवर आला तो जांभई देत. माझी गाडी ठोकळ्यांवर, दोन्ही चाकं जमिनीवर, आणि मी त्याच्या गाडीपाशी उभी. त्याची जांभई अर्ध्यातच मिटली.

"मला हाक मारायचीस," तो म्हणाला.

"झोपला होतास. शिवाय माझे ब्रेक तुझ्या गाडीत आहेत, म्हटलं आधी त्यांना भेटून यावं."

तो नाकारेल असं मला वाटलं होतं. मनातून मी त्याची वाटच बघत होते. पण त्यानं चपलेनं खडी सारखी केली आणि म्हणाला, "दुकानात एकच जोड होता, ठिपके. आम्हाला दुसऱ्या दिवशी निघायचं होतं. डोंगराचा रस्ता, माझेही पॅड संपत आले होते. गाडीत पोरं होती."

"माझ्या गाडीत काय बटाटे असतात?"

"तसं नाही गं. तू हळू चालवतेस. शाळा ते घर, सपाट रस्ता. नवा माल आला की लगेच बसवणार होतो."

"आला का माल?"

तो पुन्हा चपलेनं खडी सारखी करायला लागला. माल आला होता तर. मग मी उताराची ती चक्कर काढली. "माझ्या शेजारी बसून 'बघ कसा चावतो' म्हणालास. मला ताप होता, दादा. मी तुझ्या हाताला जादू आहे म्हणाले."

"गाडी थांबली होती ना?"

मी माझ्या गाडीकडे बघितलं, पुढच्या रिकाम्या सीटकडे. आणि मला ते सुचलं. इतके दिवस डोळ्यांसमोर होतं आणि दिसत नव्हतं.

"छोटूला मळमळत नाही," मी म्हणाले.

दादानं मागे बघितलं. दारात वहिनी उभी होती, कधीपासून कोण जाणे. तिनं पदरानं हात पुसले, ते कोरडेच होते. "मीच म्हटलं यांना," ती म्हणाली. "ब्रेकचं होईपर्यंत त्याला स्कूटरवरून न्या म्हणून. आईचा जीव, ताई."

म्हणजे दोघांना माहीत होतं. रोज सकाळी चष्मेवाला, जुळ्या आणि ती गाणारी माझ्या गाडीत चढायची, वहिनी गच्चीवर कपडे वाळत घालत त्यांना टाटा करायची, आणि तिला माहीत होतं. ब्रेक गेले ते एक वेळ परवडलं. माझा भाऊ मला फसवतो हेही, खोटं कशाला बोलू, मी गिळलं असतं, लहानपणापासून थोडंथोडं गिळतच आलेय. पण दोघांनी आपलं पोर अलगद बाजूला काढलं आणि बाकीची माझ्याबरोबर राहू दिली. याला केसानं गळा कापणं म्हणतात, आणि कापणारीनं वर माझा हात दाबला होता.

मी पिशवी उचलली. दादा म्हणाला, "दुकानात ना? चल, मी सोडतो गाडीनं."

"माझ्याच ब्रेकवर?" मी विचारलं आणि चालत निघाले.

दुकानात पॅडचा ढीग होता. परत आले तेव्हा दादा माझ्या गाडीजवळ बसला होता, त्यानं डिस्क पुसून ठेवल्या होत्या. डिस्कवरच्या रेघांवरून मी नख फिरवलं, अडकलं नाही, म्हणजे डिस्क वाचली होती. "पिस्टन मी दाबतो, तुला जोर लागेल," तो म्हणाला. मी ब्रेक ऑइलच्या डबीचं झाकण सैल केलं, क्लॅम्प लावला आणि दांडा पिळत पिस्टन हळूहळू आत ढकलला. जोर लागला. लागू दे. नवे पॅड बसवले, बोल्ट आवळले, चाकं चढवली. यावेळी ठिपके दिले नाहीत. मग आत बसून पेडल दाबत राहिले, आधी पाय खोल जात होता, मग पेडल घट्ट झालं. उतारावर एकटीच जाऊन आले. शेजारची सीट रिकामी होती आणि गाडी जिथे म्हटलं तिथे थांबली.

परत येऊन मी पायरीवर बसले आणि मोबाइल काढला.

"कुणाला फोन करतेस?" दादानं विचारलं.

"पोरांच्या घरी. महिनाभर त्यांची पोरं कशा गाडीतून गेली ते त्यांना कळायला नको?"

त्याचा चेहरा पडला. इतका वेळ पडला नव्हता तो. "वेडी आहेस का? आता झालंय ना सगळं ठीक. कुणाला खरचटलं तरी का? घरातलं घरात राहू दे. सांगितलंस तर तुझंच काम जाईल, माझं काही जायचं नाही. तुझ्या भल्याचं सांगतोय."

तो खरंच माझ्या भल्याचं सांगत होता, हेच वाईट. मलाही ते कळत होतं. पोट गाडीवर, गाडी पोरांवर, आणि पोरं त्यांच्या आयांच्या विश्वासावर. पण उद्या सकाळी त्या आया मुलांच्या पाठीवर दप्तरं चढवणार आणि निर्धास्त मनानं माझ्याकडे सोपवणार, मी त्या दिवशी झोपले होते तशा. त्यांच्याशी मी दादासारखं वागू?

पहिला फोन जुळ्यांच्या आईला लावला. जे झालं ते सरळ सांगितलं, ब्रेक जुने होते, मला आज कळलं, आज बदलले. मागे मुलींचा दंगा ऐकू येत होता.

"तुम्हाला आज कळलं. मग आधी कुणाला माहीत होतं?" तिनं विचारलं. बाई हुशार.

दादा माझ्यासमोर उभा होता, फडकं हातात धरून.

"माझ्या भावाला," मी म्हणाले. "नवे त्यानंच बसवतो म्हणून घेतले होते."

"कसं शक्य आहे? त्यांचा मुलगा असतो ना तुमच्याच गाडीत?"

"महिन्यापूर्वी त्याला काढला त्यांनी."

पलीकडे दार बंद केल्याचा आवाज झाला, मुलींचा दंगा बंद झाला. मग ती शांतपणे म्हणाली, "तुम्ही सांगितलंत, बरं केलंत. पण उद्यापासून मुलींना मी सोडेन. राग मानू नका." मी नाही मानत म्हणाले. खरंच नाही मानला. तिच्या जागी मीही तेच केलं असतं.

फोन ठेवला. दादानं सगळं ऐकलं होतं. मला वाटलं, आता तरी तो खाली बसेल, माझ्या डोक्यावर हात ठेवेल, काहीतरी म्हणेल. तो म्हणाला, "बघ. सांगत होतो ना मी."

मी चष्मेवाल्याच्या घरचा नंबर लावला.